भागीरथाबाईचे दात

माणसाचं वर्णन करायला बसलं की लोक डोळ्यांपासून सुरुवात करतात. मी भागीरथाबाईच्या दातांपासून करणार आहे, कारण त्या दातांवर आमच्या दुकानाची अब्रू तीन वर्षं टिकली आणि त्या दातांपायीच तिचं काम गेलं. पान खाऊन तपकिरी झालेले, पण एकही हललेला नाही असे दात. वय असेल पंचेचाळीसच्या आसपास. तिला विचारलं तर म्हणायची, "ज्या साली तलाव फुटला, त्या साली माहं लगन झालं जी." तलाव कुठल्या साली फुटला ते तिला सांगता यायचं नाही, आणि मी पडलो नागपूरचा, मला ते ठाऊक असायचं कारणच नव्हतं.

ही हकिगत सन चोपन्न-पंचावन्नची. वडशाला स्टेशनच्या रस्त्यावर धानाच्या गोदामांची ओळ होती, त्या ओळीत गुणवंतरावांचं दुकान. बाकी सगळे तांदळाचे व्यापारी, गुणवंतराव तेवढे उपासाच्या जिनसांचे. शिंगाड्याचं पीठ ही त्यांची खासियत. मी तिथं मुन्शी होतो. पत्रं लिहायची, पार्सलं छोट्या रुळांच्या आगगाडीत चढवायची आणि पिशव्यांवर चिकटवायच्या चिठ्ठीचा मजकूर जुळवायचा, हे माझं काम. माझं अक्षर बरं होतं आणि घरी सोवळंओवळं कडक असल्यामुळे त्या धंद्याला लागणारी भाषा मला आईच्या तोंडून पाठ झालेली होती. "शुद्ध सोवळ्यात दळलेले, उपवासास सर्वथा योग्य" हे वाक्य माझं. नागपुरात महालापासून धंतोलीपर्यंत बायका ते वाक्य वाचून पीठ घ्यायच्या आणि देवासमोर बसून निश्चिंत मनानं खायच्या.

सोवळं म्हणजे आमच्या दुकानात गोकुळाबाई. दर्शनी भागात, शेणानं सारवलेल्या ओट्यावर, एक जातं मांडलेलं असायचं आणि त्यापाशी धूतवस्त्र नेसून गोकुळाबाई बसायच्या. बिचारी विधवा बाई, भावाच्या घरी तुकडे मोडून कंटाळलेली. तिला गुणवंतरावांनी आणून बसवली. गिऱ्हाईक आलं की तिनं चार मुठी सोललेले वाळके शिंगाडे जात्यात घालायचे आणि ओवी म्हणायची. गिऱ्हाईक गेलं की हात पुसून गप्प बसायचं. खरं दळण पलीकडच्या गल्लीतल्या इंजिनाच्या चक्कीवर व्हायचं, जिथं सकाळी मिरची आणि दुपारी आमचा शिंगाडा दळला जाई. वरून कीर्तन आतून तमाशा म्हणतात तसलाच प्रकार होता, आणि त्या कीर्तनाची पदं मी रचत होतो.

तमाशा मागच्या अंगणात चालायचा. तिथं ढिवरांच्या, म्हणजे तलावात मासे धरणाऱ्या जातीच्या, सात-आठ बाया वाळलेले शिंगाडे लाकडी मोगरीनं फोडायच्या. शिंगाड्याला दोन शिंगं असतात आणि ती बाभळीच्या काट्यापेक्षा वाईट. बायांच्या बोटांना कायम चिंध्या बांधलेल्या असत आणि सालीच्या रसानं हात मनगटापर्यंत काळे पडलेले. आतून निघणारा पांढरा गर वाळून खडा होतो, त्याला गोटा म्हणतात. त्या गोट्यावर कधी रक्ताचा डाग दिसला तर पुसून टाकायची ताकीद होती. दर्शनी भागातून अंगणाकडे येणारं दार दिवसभर अंगणाच्या बाजूनं कडी घालून बंद असायचं.

या बायांत भागीरथाबाई मुख्य. तिचा नवरा लटारू, चार कोसांवरच्या तलावात शिंगाड्याची वेल लावणारा आणि काढणारा. मालगुजारी, म्हणजे आमच्याकडची जमीनदारी, होती तोवर तलावातली मासोळी आणि शिंगाडा ढिवरांचा, मालगुजाराला वाटा दिला की झालं. मालगुजारी गेली, तलाव सरकारचे झाले, लिलाव सुरू झाले आणि लिलावात बोली लावायला ढिवर उभा राहू शकत नव्हता. गुणवंतराव उभे राहू शकत होते. तेव्हापासून लटारू ज्या पाण्यात जन्मला त्याच पाण्यात रोजीनं उतरू लागला. दोन मोठी मडकी बांबूला बांधून त्यावर बसायचं, वेल उलटी करायची, खालचे शिंगाडे तोडायचे. सूर्य डोक्यावर येईतो कमरेखालचं अंग पाण्यात. बाहेर आला की भागीरथाबाई आधी त्याच्या पायाच्या जळवा चुन्यानं सोडवायची, मग भाकर द्यायची.

आता दातांकडे येतो. गोटा पुरता वाळला की नाही हे डोळ्याला कळत नाही. ओला राहिला तर पिठाला आठ दिवसांत बुरशी धरते. ते ओळखायचा एकच उपाय त्या लोकांत होता, गोटा दाढेखाली धरून फोडायचा. कटकन् वाजला तर वाळला, दबला तर उन्हात परत टाका. भागीरथाबाईचा दात कधी चुकला नाही. पोत्याच्या तळातून, मधून आणि वरून एकेक गोटा काढायचा, तिनं फोडायचा, आणि मान हलवली की पोतं चक्कीवर जायचं. म्हणजे सोवळ्यात दळलेलं आमचं प्रत्येक पोतं आधी एका ढिवर बाईच्या दातांखालून जात होतं. तीन वर्षं हे मला माहीत होतं. मला त्याचं हसू यायचं, दुसरं काही यायचं नाही.

त्यांच्यात आणखी एक रीत होती. बाजारात ढिवर बाई शिंगाडा विकायला बसली की गिऱ्हाइकासमोर एक गोटा दातानं फोडायची, अर्धा स्वतः खायची आणि अर्धा गिऱ्हाइकाच्या हातावर ठेवायची. विकणारी स्वतः खात नाही तो माल घ्यायचा नाही, असा साधा कायदा. त्या अर्ध्याला ते लोक साक्षीचा गोटा म्हणत. मी नवा असताना भागीरथाबाईनं एकदा माझ्याही हातावर असा अर्धा ठेवला होता. मी "हो हो" म्हणालो, तोंडाकडे हात नेला आणि तिची पाठ वळताच खिशात टाकला. संध्याकाळी स्टेशनवर फेकून दिला आणि हात दोनदा धुतले.

चोपन्नच्या भाद्रपदात नागपूरहून एक पत्र आलं. लिहिणाऱ्या इंदुताई, एका महिला मंडळाच्या अध्यक्ष, आमचं सगळ्यांत मोठं गिऱ्हाईक. एकादशीच्या दिवशी आमच्या पिठात एक टोका निघाला होता, तोही जिवंत, चालता. पत्रात लिहिलं होतं की उपासाच्या पिठात किडा म्हणजे प्रत्यक्ष मांसाहार झाला, मंडळाच्या चाळीस बायकांना प्रायश्चित्त घ्यावं लागलं, आणि असंच होणार असेल तर अमरावतीचं पीठ काय वाईट आहे. ते पत्र मी गुणवंतरावांना वाचून दाखवलं तेव्हा त्यांचा चेहरा उतरला. ते म्हणाले, "मुन्शीजी, यापुढे आपल्या पिठात किड्याचं बी दिसता कामा नये."

आठ दिवसांत कुठून तरी दोन डबे पांढरी भुकटी आली. किडे मारायची दवा, इतकंच आम्हाला कळलं. डब्यावरचं लिहिलेलं खरवडून काढलेलं होतं. त्या वर्षी वेलीच्या पानांवर भुंगेऱ्यांनी चाळणी केली होती, म्हणून पहिला डबा लटारूच्या हाती देऊन तलावावर धाडला. लटारूनं तो तांदळाच्या पिठासारखा मुठीमुठीनं पानांवर उधळला. मडक्यांवर बसून, ओल्या अंगानं, वाऱ्याच्या तोंडाला. तीन दिवस. भुंगेरे मेले यात शंका नाही. चौथ्या दिवशी मासोळ्या पोट वर करून काठाला लागल्या. ढिवर माणूस मासोळी टाकून देत नाही, त्या त्यांनी घरी नेल्या आणि खाल्ल्या.

गावात बरीच माणसं ओकली, बरी झाली. लटारू बरा झाला नाही. आधी त्याला फेफरं आल्यासारखं झालं, मग ते थांबलं, पण हात थरथरायला लागले ते लागलेच. दिवाळी झाली, गावोगावच्या मंडईच्या जत्रा झाल्या, नाटकांचे तंबू उठले, तरी त्याला घास तोंडापर्यंत नेता येत नव्हता. भागीरथाबाई पहाटे त्याला भरवायची, चार कोस चालत वडशाला यायची, दिवसभर गोटे फोडायची आणि परत जायची. मी एकदा विचारलं, "लटारूभाऊ कसे आहेत?"

"हायेत जी," ती म्हणाली. "हात त्याचे हायेत, पण त्याचं आयकत नाईत."

त्या भुकटीची चव तिला कळली होती. पहिले काही दिवस लटारूच्या धोतराला, हाताला, भाकरीच्या टोपलीला एक कुबट कडवट वास होता आणि त्यानं हात लावलेलं तिनं खाल्लं की जीभ बधिर व्हायची. हे तिनं अंगणातल्या बायांना सांगितलं होतं. मी दाराआडून ऐकलं होतं.

दुसरा डबा कोठारात होता. माघ लागला, शिवरात्रीच्या मागण्या आल्या. नागपूरच्या मंडळाला तीनशे माणसांच्या फराळाचं पीठ हवं होतं, मार्कंड्याच्या जत्रेला वेगळं. गुणवंतरावांनी तो सगळा डबा कोठारातल्या गोट्यांच्या पोत्यांवर रिकामा करवून घेतला. वरून हलवलं, खालून हलवलं. किड्याचं बी दिसता कामा नये, त्याप्रमाणे दिसलं नाही.

भागीरथाबाईनं पहिल्या पोत्यातला गोटा फोडला आणि थुंकला. मधला फोडला, थुंकला. दुसऱ्या पोत्याचंही तसंच. मग ती उठली, कडी काढली आणि थेट गुणवंतरावांच्या गादीपुढे येऊन उभी राहिली. गोकुळाबाई अजून आल्या नव्हत्या, दुकानात मी आणि ते दोघंच होतो.

"मालक, हे पोते नका धाडू. कडू हायेत. जे लटारूले लागलं थेच ह्याच्यात हाये."

"वाळले आहेत ना?" गुणवंतराव म्हणाले.

"वाळले तं हायेत जी. पण कडू हायेत."

"मग झालं तर. भागीरथा, तुझं काम दाताचं आहे, जिभेचं नाही." ते हे रागावून बोलले नाहीत. त्यांना खरंच तसं वाटत होतं. "पिठात तूप पडतं, साखर पडते, कोणाला कळतं कडू?"

ती तशीच उभी राहिली. मग माझ्याकडे वळून म्हणाली, "मुन्शीजी, तुमी तं सांगा." मी पुढ्यातल्या चिठ्ठीवर वाळू टाकत होतो, शाई ओली होती. मी वाळू टाकत राहिलो.

दोन दिवसांनी इंदुताई स्वतः आल्या, टोक्याच्या प्रसंगानंतर सगळं डोळ्यांनी बघायला. नागभीडला गाडी बदलून, बरोबर दोन बायका घेऊन. गुणवंतरावांनी सतरंजी अंथरली, उदबत्त्या लावल्या. गोकुळाबाईंनी दोनदा अंघोळ केली होती. जातं फिरलं, ओवी झाली, पीठ बशीत काढून दाखवलं गेलं. इंदुताई प्रसन्न झाल्या. वाईट बाई नव्हती ती. गोकुळाबाईंच्या पाया पडली, म्हणाली, "तुमच्यासारख्या आहेत म्हणून आमचा धर्म टिकला."

तेवढ्यात मागची कडी वाजली आणि भागीरथाबाई आत आली. लुगड्याला साली चिकटलेल्या, बोटांना चिंध्या. हात मनगटापर्यंत काळे. तिला एवढंच ठाऊक होतं की घेणारी बाई आली आहे आणि घेणाऱ्याला सांगितलं की गोष्ट संपली.

"बाई, हे घेऊ नका जी," ती म्हणाली. "माल बिघडला हाये. कडू हाये."

"ही कोण?" इंदुताईंनी विचारलं.

"मजूर आहे," गुणवंतराव उठत म्हणाले. "चल, मागं चल."

ती मागं गेली नाही. आपण खोटं बोलतोय असं बाईला वाटू नये म्हणून तिला माहीत असलेला सगळ्यांत पक्का पुरावा तिनं दिला. मुठीतला गोटा दाढेखाली धरला, कटकन् फोडला, अर्धा जिभेवर ठेवला आणि उरलेला अर्धा काढून इंदुताईंच्या उघड्या तळव्यावर ठेवला.

"अर्धा म्या खाल्ला," ती म्हणाली. "अर्धा तुमी खाऊन पाहा. लबाड बोलत असन तं मले सांगा."

इंदुताईंनी निखारा पडल्यासारखा हात झटकला. गोटा सतरंजीवर पडला. त्यांनी तळवा पदराला पुसला. मग हलक्या आवाजात त्यांनी विचारलं, "हे असं... तू नेहमी करतेस?"

त्या प्रश्नाचा अर्थ भागीरथाबाईला तिच्या रीतीनंच कळला. घेणारी बाई विचारतेय, तू दरवेळी तपासतेस ना? तिची मान ताठ झाली. इतक्या वर्षांत तिच्या कामाबद्दल कोणी तिला पहिल्यांदाच विचारत होतं.

"रोज जी," ती म्हणाली. "तीन सालं झाले. एक पोतं माह्या दातातून सुटलं नाई."

हात दाखवून अवलक्षण म्हणतात ते असं. बरोबरच्या दोघींपैकी एक ओट्यावरून उतरून गटारापाशी गेली आणि ओकारी काढू लागली. इंदुताई खाली बसल्या. "तीन वर्षं," त्या म्हणाल्या, "तीन वर्षं आम्ही हिचं उष्टं देवाला दाखवलं." त्यांच्या डोळ्यांत खरोखरीचं पाणी होतं. कडू कशानं, हे तिघींपैकी एकीनंही विचारलं नाही.

गुणवंतराव मात्र अडखळले नाहीत. "बाई, हिचं डोकं ठिकाणावर नाही," ते म्हणाले. "नवरा आजारी पडला तेव्हापासून काहीही बरळते. इथं कोणी तोंड लावत नाही. विचारा आमच्या मुन्शीजींना, ते तुमच्याच घरातले म्हणायचे."

सगळ्या माझ्याकडे बघू लागल्या. भागीरथाबाईही. माझी आई नागपुरात माझ्या मनीऑर्डरवर राहत होती, ही सबब मी पुढं पुष्कळ जणांना सांगितली, स्वतःला तर फारच वेळा. त्या वेळी मात्र मला आईबिई काही आठवली नाही. सगळे बघताहेत आणि लवकर काहीतरी बोलून मोकळं व्हावं, इतकंच वाटलं.

"हो," मी म्हणालो. "जरा भ्रमिष्ट आहे ती."

भागीरथाबाईनं तोंडातला अर्धा गोटा गिळून टाकला. तो तिनं थुंकायला हवा होता, पण सतरंजीवर कुठं थुंकणार? मग ती आल्या दारानं परत गेली. गुणवंतरावांनी संध्याकाळच्या आत तिला काढून टाकलं.

इंदुताईंची समजूत पटली, कारण पटवून घेण्यातच सगळ्यांची सोय होती. तीन वर्षांचं उष्टं खाल्लं असं मानण्यापेक्षा एक बाई वेडी आहे असं मानणं त्यांना सोपं गेलं. त्यांच्यादेखत गोकुळाबाईंनी पोत्यांवर गंगाजळ शिंपडलं, तो पडलेला अर्धा गोटा केरसुणीनं लोटला, आणि मागणी कायम राहिली. जाताना इंदुताईंनी एक सूचना केली, की पिशवीवर तसं स्पष्ट लिहावं म्हणजे मंडळातल्या बायकांना धीर येईल. गुणवंतरावांनी माझ्याकडे पाहिलं. मी त्याच बैठकीत लिहून दिलं, "मानवी स्पर्शरहित". असे शब्द जुळवायला मला कधी वेळ लागला नाही.

दुकान बंद करून मी खोलीकडे निघालो तर स्टेशनच्या वळणावर भागीरथाबाई उभी होती. अजून उजेड होता. मला वाटलं, ही आता शिव्या देणार, आणि दिल्या असत्या तर बरं झालं असतं.

"मुन्शीजी, एक काम करा जी," ती म्हणाली. "तुमी लिवता. त्या चिठीवर येक सबूद जास्तीचा लिवा, माल कडू हाये म्हून. माहं नाव नका लिऊ. माहं काम गेलं तं गेलं, पन थे लोक उपाशी पोटी खातीन."

"पाहतो," मी म्हणालो.

"पाहा जी," ती म्हणाली आणि चार कोसांच्या वाटेला लागली.

मी खोलीवर आलो, दिवा लावला, कागद घेतला आणि खरोखरच लिहिलं. आईला लिहिलं. "यंदा शिवरात्रीला आपल्या दुकानचा शिंगाडा खाऊ नकोस. माल जुना आहे. भगर करून खा." आणि लगेच जाऊन स्टेशनवरच्या डाकपेटीत टाकलं, म्हणजे सकाळच्या गाडीनं जाईल.

शिवरात्र झाली. नागपूरच्या मंडळात तीनशे माणसांनी फराळ केला. रात्रीपर्यंत पन्नास-साठ जणांना उलट्या झाल्या, काही म्हाताऱ्यांचे हातपाय कापू लागले. मंडळानं चौकशी केली आणि ठरवलं की थंडाईत भांग जास्त पडली. थंडाईवाल्याला हाकलून दिलं. पीठ तर मानवी स्पर्शरहित होतं, त्याच्यावर संशय घेणार कोण? उलट इंदुताईंचं पत्र आलं की या खेपेला पिठात एकही किडा निघाला नाही, समाधान वाटलं. गुणवंतरावांनी ते पत्र चौकटीत बसवून जात्याच्या वर टांगलं.

होळीला मी घरी गेलो. आई ठीक होती. तिनं माझं ऐकून भगर खाल्ली होती. शेजारच्या कमळाकाकू मात्र पेला दोन्ही हातांनी धरून चहा पीत होत्या आणि तरी तो बशीत सांडत होता. मी लहान असताना याच बाईनं मला बाराखडी गिरवायला शिकवली, माझं अक्षर तिचं.

"काकूंना काय झालं?" मी रात्री आईला विचारलं.

"उपास बाधला रे तिला शिवरात्रीचा," आई म्हणाली. "वय झालं की झेपत नाही. तू नको म्हणालास ना, मग वाण्याकडे सांगून ठेवलेली तुमच्या दुकानची शिंगाड्याची पिशवी आली ती मी तिलाच दिली. चांगलं पीठ, वाया कशाला घालवायचं?"

मी पत्रात माल जुना असल्याचं लिहिलं होतं. खरं लिहिलं असतं तर आईनं ती पिशवी उकिरड्यावर फेकली असती. हेही मी तिला सांगितलं नाही. ती चांगली झोपते, तिची झोप कशाला मोडायची, असं मी मनाशी म्हणालो. माझ्याजवळ प्रत्येक वेळेला पुरेल असं एखादं चांगलं कारण असायचं.

वैशाखात मला राहवेना. रविवारी बैलगाडी करून मी भागीरथाबाईच्या गावी गेलो. माफी मागायची असं ठरवून गेलो होतो, काय बोलायचं तेही जुळवलं होतं. तलाव आटून मधोमध हिरवट डबकं राहिलं होतं. घरासमोर मोहाच्या सावलीत लटारू बसला होता. त्याच्या मांडीवर फाटलेलं जाळं होतं आणि हातात सुतळी ओवलेली बांबूची सुई. सुई छिद्रापाशी जायची आणि बाजूला सरकायची, पुन्हा जायची, पुन्हा सरकायची. मी बराच वेळ उभा होतो, तेवढ्या वेळात त्याला एकही गाठ मारता आली नाही. त्यानं मला ओळखलं आणि हसला.

भागीरथाबाई आतून लोटाभर पाणी घेऊन आली. तिनं बसायला बाज टाकली. राग नव्हता, ओढूनताणून आणलेलं अगत्यही नव्हतं. ती आता जंगलात तेंदूपानं तोडायला जात होती, त्याच्या गोष्टी सांगितल्या. मी जुळवलेलं बोलणं काढणार, एवढ्यात तिनंच विचारलं.

"तुमची माय नागपूरलेच राह्यते ना जी? तिनं बी खाल्लं का थे पीठ?"

"नाही," मी म्हणालो. तिला बरं वाटेल म्हणून म्हणालो, देवाशप्पथ. "मी तिला आधीच पत्र लिहून कळवलं होतं."

"कवा?"

"त्याच दिवशी. तुम्ही भेटलात ना, त्याच संध्याकाळी."

तिनं रिकामा लोटा उचलून बाजूला ठेवला. लटारूची सुई जाळ्यावर घासत होती.

"मंग तुमाले ठाऊक होतं," ती म्हणाली. "म्या तं लटारूले सांगत होती, मुन्शीजीच्या मनात खोट नाई, त्याले माह्या बोलाचा भरोसाच आला नाई म्हून त्यानं लिवलं नाई. तीन महिने हेच सांगून राह्यली त्याले."

मी जुळवलेलं सगळं बोलणं विसरलो. तिनं माझ्यासाठी जी सबब शोधली होती तेवढी चांगली सबब मला स्वतःला कधी सापडली नव्हती, आणि ती मी आत्ताच माझ्या तोंडानं मोडली होती.

"भरोसा आला होता," मी म्हणालो.

तिनं मान हलवली, पोतं तपासून झाल्यावर हलवायची तशी नाही, नुसती हलवली, आणि लटारूच्या हातातली सुई काढून घेऊन जाळं स्वतः विणायला बसली.